विश्लेषण : खेळ विकत मिळतो, पण सामना कोणाच्या हाती?

सांघिक शूटर खेळात ‘प्ले’चे बटण दाबले की पडद्यावर ‘सामना शोधत आहे’ अशी पाटी येते. कधी दहा सेकंदांत सामना सुरू होतो, कधी पाच मिनिटे चक्र नुसते फिरत राहते, तर कधी मैदानात उतरताच पराभव समोर दिसू लागतो. बहुतेक खेळाडू याला नशीब म्हणतात. प्रत्यक्षात कोणाला कोणाबरोबर, कुठल्या सर्व्हरवर आणि किती वेळाने खेळायला मिळेल, हे कंपनीची संगणकीय यंत्रणा ठरवते. त्या यंत्रणेला ‘मॅचमेकिंग’ म्हणतात. कन्सोलवरील नव्या मोठ्या खेळाची किंमत आज भारतात साधारण पाच हजार रुपयांच्या घरात आहे. एवढे पैसे मोजून घेतलेल्या खेळाचा मुख्य भाग म्हणजे सामना, आणि तोच ग्राहकाच्या ताब्यात नसतो. म्हणून ही यंत्रणा समजून घ्यायला हवी.

मॅचमेकिंगच्या आधी सामना कसा जुळायचा?

नव्वदच्या दशकात ‘क्वेक’सारखे खेळ संगणकावर खेळले जात, तेव्हा खेळाडूसमोर सर्व्हरची यादी येई. कुठला नकाशा चालू आहे, किती जण खेळत आहेत, पिंग किती आहे हे त्या यादीत दिसे आणि खेळाडू स्वतः निवड करी. अनेक सर्व्हर खेळाडूंनीच चालवलेले असत. रोज तीच माणसे भेटत, ओळखी होत. नवख्याला मात्र तिथे टिकणे अवघड जाई, कारण समोर मुरलेला खेळाडू आहे की आपल्यासारखाच शिकाऊ, हे यादी सांगत नसे.

कन्सोलवर तेही नव्हते. नोव्हेंबर २००१मध्ये मायक्रोसॉफ्टच्या पहिल्या एक्सबॉक्सबरोबर ‘हेलो’ आला, तेव्हा त्यात इंटरनेटवरून खेळण्याची सोयच नव्हती. चार एक्सबॉक्स केबलने जोडून एका घरात किंवा वसतिगृहात १६ जणांनी खेळायचे, अशी पद्धत होती. १५ नोव्हेंबर २००२ रोजी अमेरिकेत ‘एक्सबॉक्स लाइव्ह’ ही सशुल्क सेवा सुरू झाली आणि कन्सोल ऑनलाइन सामन्यांसाठी सज्ज झाला.

‘हेलो २’ने काय बदलले?

९ नोव्हेंबर २००४ रोजी आलेल्या ‘हेलो २’मध्ये बंजी या स्टुडिओने सर्व्हरची यादी मागे टाकली. खेळाडूने फक्त खेळप्रकार निवडायचा. नकाशा, सहकारी आणि प्रतिस्पर्धी यंत्रणा शोधणार. मित्रांचा गट करून, म्हणजे ‘पार्टी’ करून, एका सामन्यातून पुढच्या सामन्यात एकत्र जाण्याची सोयही तिथे होती. खेळाडूला १ ते ५० अशी पातळी मिळे आणि जवळच्या पातळीचे प्रतिस्पर्धी समोर येत. कंट्रोलर हातात घेऊन सोफ्यावर बसणाऱ्याला सर्व्हरची तांत्रिक माहिती वाचावी लागत नव्हती. हीच पद्धत पुढे कन्सोलवरील जवळजवळ प्रत्येक सांघिक शूटरने उचलली.

पण सोयीबरोबर निवडीचा हक्क गेला. शिवाय तेव्हा सामने कंपनीच्या सर्व्हरवर नव्हे, तर खेळाडूंपैकीच एकाच्या कन्सोलवर चालत. ज्याचा कन्सोल ‘होस्ट’ झाला, त्याच्यासाठी विलंब शून्य आणि बाकीच्यांच्या नशिबी लॅग. काही जण तर मॉडेमचे स्टँडबाय बटण दाबून इतरांना थिजवत आणि तेवढ्यात गुण लुटत. पुढे मोठ्या खेळांनी स्वतःचे सर्व्हर आणले, त्यामागे हे एक कारण होते.

बटण दाबल्यावर पडद्यामागे काय होते?

कन्सोल आधी कंपनीच्या वेगवेगळ्या डेटा सेंटरना छोटे संदेश पाठवून उत्तर यायला किती वेळ लागतो, ते मोजतो. मग खेळाडूचे नाव प्रतीक्षा यादीत जाते. त्याच्यासोबत माहितीचा एक गठ्ठा असतो : कोणत्या सर्व्हरला किती पिंग, पार्टीत किती जण, कोणता खेळप्रकार, कंट्रोलर की माउस, क्रॉसप्ले चालू की बंद आणि कौशल्याचा अंदाज. यंत्रणा या यादीतून दोन संघ जुळवते. जुळले तर सर्व्हर राखून ठेवते आणि सर्वांना तिथे पाठवते. जुळले नाहीत तर अटी हळूहळू सैल करते. पिंगची मर्यादा वाढते, कौशल्यातला फरकही जास्त चालवून घेतला जातो. म्हणूनच बराच वेळ थांबल्यानंतर मिळालेला सामना अनेकदा विषम निघतो.

थोडक्यात, कमी पिंग, बरोबरीचे कौशल्य आणि कमी प्रतीक्षा या तीन गोष्टी यंत्रणेला साधायच्या असतात. तिन्ही एकाच वेळी पूर्णपणे साधत नाहीत. त्यातली कोणती सोडायची, हा निर्णय कंपनीचा असतो आणि तो खेळाडूला सहसा सांगितला जात नाही.

पिंगला एवढे महत्त्व का?

कन्सोलकडून संदेश सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायला लागणारा वेळ म्हणजे पिंग. तो मिलिसेकंदात, म्हणजे सेकंदाच्या हजाराव्या भागात मोजतात. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. मुंबई ते सिंगापूर हे सरळ अंतर सुमारे ३,९०० किलोमीटर. म्हणजे जाण्या-येण्याला किमान ३९ मिलिसेकंद लागणारच. समुद्राखालची केबल सरळ रेषेत जात नाही आणि वाटेत उपकरणेही असतात, त्यामुळे प्रत्यक्षातला आकडा याहून बराच मोठा असतो. मुंबई ते न्यूयॉर्क हे अंतर सुमारे १२,५०० किलोमीटर. तिथे कितीही चांगले कनेक्शन घेतले तरी १२५ मिलिसेकंदांच्या खाली येता येत नाही. ३०० एमबीपीएसचा प्लॅन घेऊनही गेम अडखळतो, अशी तक्रार घरोघरी ऐकू येते. एमबीपीएस म्हणजे नळाची रुंदी. पाणी किती लांबून येते, हे त्यावरून कळत नाही.

सेकंदाला ६० वेळा हिशेब करणारा सर्व्हर दर १६.७ मिलिसेकंदांनी मैदानाची स्थिती नव्याने मांडतो. १०० मिलिसेकंद पिंग म्हणजे असे सहा हिशेब. हा फरक झाकण्यासाठी सर्व्हर थोडा काळ मागे जाऊन, गोळी झाडणाऱ्याला त्या क्षणी पडद्यावर काय दिसत होते, ते तपासतो. म्हणूनच भिंतीआड पोहोचल्यावरही आपण ‘मेलो’, असा अनुभव येतो. झाडणाऱ्याच्या पडद्यावर आपण अजून भिंतीबाहेरच होतो. दर वेळी ती फसवणूक नसते. दोन शहरांतल्या अंतराची ती किंमत असते.

पुण्यातला मुलगा आणि न्यू जर्सीतला त्याचा चुलतभाऊ रविवारी एकत्र खेळायला बसतात, तेव्हा हीच अडचण येते. सर्व्हर अमेरिकेतला मिळाला तर पुणेकर हरतो, आशियातला मिळाला तर चुलतभाऊ. दोघांना समान न्याय देणारा सर्व्हर नसतोच. कोणाला झुकते माप द्यायचे, एवढेच यंत्रणा ठरवते.

‘नॅट’ आडवा येतो तो कसा?

इंटरनेटवरील जुन्या पद्धतीचे पत्ते, म्हणजे आयपीव्ही४, एकूण सुमारे ४३० कोटीच आहेत. ते पुरत नाहीत म्हणून घरातला राउटर सगळ्या उपकरणांसाठी एकच पत्ता वापरतो. या व्यवस्थेला ‘नॅट’ म्हणतात. अनेक इंटरनेट कंपन्या तर कित्येक घरांना मिळून एक पत्ता देतात. दाराला पाटी नसलेल्या चाळीत पोस्टमनची जी अवस्था होते, तीच मग बाहेरून येणाऱ्या संदेशांची होते.

एक्सबॉक्सवर याचे ‘ओपन’, ‘मॉडरेट’ आणि ‘स्ट्रिक्ट’ असे प्रकार दिसतात. प्लेस्टेशनवर टाइप १, २ आणि ३. ‘स्ट्रिक्ट’ किंवा टाइप ३ असेल तर मित्राच्या पार्टीत जाता न येणे, आवाज न पोहोचणे, सामना शोधायला जास्त वेळ लागणे असे प्रकार घडतात. कंपनीच्या सर्व्हरवरील खेळात त्रास कमी होतो, पण खेळाडूंचे कन्सोल थेट एकमेकांना जोडले जातात तिथे तो ठळक जाणवतो. राउटरच्या सेटिंगमधील बाहेरचा पत्ता १००.६४ ते १००.१२७ या आकड्यांनी सुरू होत असेल, तर तो पत्ता इतर घरांबरोबर वाटून घेतलेला आहे, असे समजावे. अशा वेळी राउटर बदलून फारसा उपयोग होत नाही. इंटरनेट कंपनीकडे स्वतंत्र सार्वजनिक पत्ता मागावा लागतो.

कौशल्य मोजतात कसे?

मूळ कल्पना बुद्धिबळातली. अर्पाद एलो यांनी तयार केलेली मानांकन पद्धत जागतिक बुद्धिबळ महासंघाने १९७०मध्ये स्वीकारली. पण ती दोन व्यक्तींच्या लढतीसाठी होती. संघ जिंकला तर त्यात कोणाचा वाटा किती? मायक्रोसॉफ्टच्या केंब्रिजमधील संशोधकांनी यासाठी ‘ट्रूस्किल’ ही पद्धत तयार केली आणि ती एक्सबॉक्स ३६०वर वापरात आली. तिच्यात प्रत्येक खेळाडूसाठी दोन आकडे असतात : कौशल्याचा अंदाज आणि त्या अंदाजाबद्दलची अनिश्चितता. नवा खेळाडू २५ या अंदाजाने सुरू करतो आणि अनिश्चितता असते त्याच्या एक तृतीयांश. दाखवायची पातळी काढताना अंदाजातून अनिश्चिततेची तिप्पट वजा करतात. म्हणजे नव्याची पातळी शून्य. सामने वाढतात तशी अनिश्चितता घटते आणि खरी पातळी वर येते.

यातून एक व्यावहारिक गोष्ट कळते. पहिल्या काही सामन्यांत यंत्रणाच चाचपडत असते. त्यामुळे नवा खेळ घेतल्यावर सुरुवातीला सलग हार झाली म्हणून निराश होण्याचे कारण नाही. धाकट्या भावाने मोठ्याच्या खात्यावरून खेळणे मात्र दोघांच्याही तोट्याचे. धाकट्यासमोर मोठ्याच्या तोडीचे खेळाडू येतात आणि मोठ्याचा हिशेब बिघडतो.

मग वाद कशावरून?

‘कॉल ऑफ ड्यूटी’च्या चाहत्यांमध्ये हा वाद वर्षानुवर्षे चालू आहे. चांगल्या खेळाडूंचे म्हणणे असे, की प्रत्येक सामना अटीतटीचा झाला तर निवांत खेळायचे कधी? अ‍ॅक्टिव्हिजनने २०२४मध्ये आपल्या यंत्रणेबद्दल अहवाल प्रसिद्ध केले. पिंग हा आपला पहिला निकष असल्याचे कंपनीने सांगितले. कौशल्याचा निकष सैल करून पाहिलेल्या प्रयोगाचे निष्कर्षही दिले. त्यानुसार ९० टक्के खेळाडूंचे खेळाकडे परत येण्याचे प्रमाण घटले आणि एकतर्फी सामने व मधेच सोडून जाणारे वाढले. फायदा झाला तो वरच्या दहा टक्क्यांना. तरीही २०२५च्या ‘ब्लॅक ऑप्स ७’मध्ये कंपनीने कौशल्याचा निकष कमीत कमी ठेवलेला खुला पर्याय मुख्य म्हणून दिला आणि सामना संपल्यावर तीच मंडळी लॉबीत एकत्र ठेवण्याची जुनी पद्धत परत आणली.

निष्कर्ष पटण्यासारखे आहेत. सामान्य खेळाडूला बरोबरीचे प्रतिस्पर्धी मिळाले नाहीत तर तो निघून जातो, आणि तो गेला की त्याच्या वरचा खेळाडू तळाला येतो. पण प्रयोग कंपनीचा, आकडे कंपनीचे आणि मोजमाप आहे ‘परत येण्याचे’. खेळाडू परत आला म्हणजे त्याला समाधान मिळाले, असे गृहीत धरणे धोक्याचे. याच कंपनीला २०१७मध्ये एक पेटंट मिळाले होते. नवख्याला विकतचे हत्यार वापरणाऱ्या निष्णात खेळाडूसमोर उभे करायचे, म्हणजे त्यालाही ते हत्यार घ्यावेसे वाटेल, अशी त्यातली एक कल्पना. ती कुठल्याही खेळात वापरली नसल्याचे कंपनीने तेव्हा स्पष्ट केले. तरीही संशय उरला. यंत्रणा बंद खोलीत चालत असेल, तर संशय उरणारच.

लाखो खेळाडू असूनही रांग लांब का?

गर्दी विभागली जाते म्हणून. समजा, एखाद्या खेळात एका वेळी १२ हजार जण आहेत. जगाचे चार विभाग, पाच खेळप्रकार आणि कौशल्याचे सहा गट धरले तर १२० कप्पे होतात. प्रत्येकात सरासरी १०० जण. सहा विरुद्ध सहाचे आठ सामने त्यात चालू असतील, तर प्रत्यक्ष रांगेत उरतात जेमतेम चार! भारतात दुपारी अकराला खेळणाऱ्याला दूरच्या सर्व्हरवर पाठवले जाते ते यामुळे. क्रॉसप्ले बंद केले की कप्पे आणखी वाढतात. काही खेळांत रिकाम्या जागी बॉट, म्हणजे संगणकाने चालवलेले खेळाडू भरले जातात; ‘फोर्टनाइट’ने २०१९मध्ये ते जाहीर करून आणले.

आणि सर्व्हरच बंद झाला तर?

तर खेळ कपाटात, डिस्क हातात आणि सामना नाही. पहिल्या एक्सबॉक्ससाठीची ऑनलाइन सेवा १५ एप्रिल २०१० रोजी बंद झाली. ‘हेलो २’चे काही खेळाडू त्या दिवशी कन्सोल बंद न करता सामन्यातच थांबले, कारण एकदा बाहेर पडले की परत येता येणार नव्हते. एकेक जण गळत गेला आणि मे महिन्यात शेवटचा खेळाडूही तुटला. नोव्हेंबर २०१४मध्ये ‘हेलो’चा एकत्रित संच नव्या कन्सोलवर आला, तेव्हा सर्व्हर होते, पण मॅचमेकिंग कित्येक आठवडे नीट चालेना, स्टुडिओच्या प्रमुखांना जाहीर माफी मागावी लागली.

सोनीचा ‘कॉनकॉर्ड’ हा पाच विरुद्ध पाचचा शूटर २३ ऑगस्ट २०२४ रोजी आला आणि ६ सप्टेंबरला बंद झाला. खेळाडूच आले नाहीत. सोनीने पैसे परत केले, हे योग्यच. एप्रिल २०२४मध्ये निन्टेन्डोने वी यूची ऑनलाइन सेवा थांबवली आणि चार विरुद्ध चारच्या पहिल्या ‘स्प्लॅटून’चे ऑनलाइन सामने संपले. त्याच्या काही दिवस आधी युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ हा शर्यतीचा खेळ बंद झाला आणि त्यातून ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम उभी राहिली. युरोपीय महासंघातील तिच्या याचिकेवर दहा लाखांहून अधिक स्वाक्षऱ्या झाल्या. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५पासून डिजिटल वस्तू विकताना ‘ही मालकी नव्हे, परवाना आहे’ असे स्पष्ट सांगणे विक्रेत्यांना बंधनकारक झाले.

भारतातील ग्राहकाचे काय?

२०२५च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी आणली आणि ई-स्पोर्ट्सला मान्यता दिली. ते आवश्यक होते. पण विकत घेतलेल्या खेळाचा सर्व्हर कुठे असेल, किती वर्षे चालेल, याबद्दल हा कायदा काही सांगत नाही. वास्तविक पुणे आणि मुंबईत मोठ्या क्लाउड कंपन्यांची डेटा सेंटर आहेत. जागा आहे, तिथे आपल्या खेळाचा सर्व्हर ठेवायचा की नाही, हे गेम कंपन्या खेळाडूंची संख्या पाहून ठरवतात. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ अनुचित व्यापार प्रथांविरुद्ध दाद मागू देतो आणि १९१५ ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे. मात्र कंपनीने आधी काही कबूलच केले नसेल, तर तक्रार कशाच्या आधारे करायची?

काय व्हायला हवे?

कंपन्यांची बाजूही आहे. सर्व्हरला दरमहा खर्च येतो, यंत्रणेचे सगळे तपशील उघड केले तर लबाडी करणारे त्याचा फायदा घेतात आणि ओस पडलेला खेळ कायम चालवा, अशी सक्ती करता येत नाही. हे मान्य करूनही चार गोष्टी अवघड नाहीत. एक, विक्रीच्या पानावर भारतासाठीचा सर्व्हर कोणत्या शहरात आहे, ते लिहावे. दोन, सामन्यात जाण्याआधी पिंग दाखवावा आणि तो ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त असेल, तर बाहेर पडणाऱ्याला दंड नसावा. तीन, कौशल्य, प्रतीक्षा आणि बॉट यांबद्दलचे निकष सोप्या भाषेत जाहीर करावेत. चार, सर्व्हर बंद करताना पुरेशी आगाऊ सूचना द्यावी आणि घरच्या जाळ्यावर किंवा खासगी सर्व्हरवर खेळण्याची वाट मोकळी ठेवावी. २००१चा ‘हेलो’ चार कन्सोल आणि केबल असेल तर आजही १६ जणांना खेळता येतो. त्याच्यानंतरचे कितीतरी महागडे खेळ तसे खेळता येत नाहीत.

तोवर खेळाडूने आपल्या हातातले करावे. वायफायऐवजी लॅन केबल वापरावी, कन्सोलच्या नेटवर्क सेटिंगमध्ये नॅटचा प्रकार तपासावा, सर्व्हर निवडायची सोय असेल तर जवळचा निवडावा आणि प्रतीक्षा लांबली तर क्रॉसप्ले चालू करून पाहावे. पालकांनीही एक लक्षात घ्यावे : सामना मधेच सोडला तर अनेक खेळांत दंड लागतो आणि संघातल्या इतरांचाही खोळंबा होतो. ‘आत्ताच्या आत्ता बंद कर’ म्हणण्यापेक्षा ‘हा सामना संपला की ऊठ’ हे घरात जास्त चालते. आणि पुढचा खेळ घेण्याआधी दुकानदाराला वा कंपनीला एक प्रश्न जरूर विचारावा : याचा सर्व्हर कुठे आहे आणि तो किती वर्षे चालेल? आज याचे उत्तर क्वचितच मिळते. हा प्रश्न विचारणारे ग्राहक वाढले, तर कंपन्यांना उत्तर तयार ठेवावे लागेल.